चौदा रंगांची मांडणी

२ नोव्हेंबर, सोमवार

एकदाची तारीख ठरली. दादाच्या उजव्या डोळ्याचं ऑपरेशन सोळाला. डाव्याचं त्यानंतर दोन महिन्यांनी. डॉक्टरीणबाई त्याच्या डोळ्यात बॅटरी मारून बराच वेळ बघत राहिल्या, मग मला म्हणाल्या, "इतका पिकलेला मोतीबिंदू घेऊन हे चित्रं कशी काढत होते?"

दादाच बोलला, "मी कुठे काढतो? ही रंग लावून देते, मी नुसता ब्रश फिरवतो."

थट्टाच ती, पण मला बरं वाटलं. वहिनी गेली तेव्हापासून, म्हणजे नऊ वर्षं, दादाचं पॅलेट मी लावते. डावीकडून पांढरा, मग दोन पिवळे, मग तांबडे, असे एकूण चौदा गोळे. प्रत्येकाची जागा ठरलेली. दादा रंग बघून घेत नाही, जागा मोजून घेतो. अकराव्या जागेवर गडद निळा, ते त्याचं आकाश. नऊ वर्षांत मांडणी एकदाही चुकलेली नाही. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये एकवीस वर्षं काढली, तिथेही मी कधी भलत्याला भलता जोडून दिला नाही.

उतरताना दवाखान्याच्या पायरीवर अडखळले. हल्ली पायऱ्यासुद्धा धड बांधत नाहीत.

५ नोव्हेंबर, गुरुवार

संग्रहालयाच्या बाई येऊन गेल्या. मार्चमधलं दादाचं मोठं प्रदर्शन त्याच मांडणार आहेत. पन्नास वर्षांचं काम, तीन दालनं. तिसऱ्यात फक्त 'दोरीवरचे कपडे', गेल्या चार वर्षांतली अकरा चित्रं. आमच्याच मागच्या अंगणातली दोरी, तिच्यावर चादरी, वर आकाश.

या अकरा चित्रांनी दादाला परत उभं केलं हे कोणी नाकारू नये. तिशीत तो सगळ्या वर्तमानपत्रांत होता. तो पंचावन्न वर्षांचा असताना वर्तमानपत्रातल्याच एका मुलीने फोन करून मलाच विचारलं होतं, की ते अजून हयात आहेत का. तो फोन मी दादाला कधी सांगितला नाही.

बाईंनी एक मासिक आणलं होतं. मी भिंग घेऊन दादाला वाचून दाखवलं, कारण छपाई इतकी फिकट की काही विचारू नका. लिहिणारा म्हणतो, या चित्रांतलं आकाश बाटलीच्या काचेसारखं हिरवं आहे आणि हा हिरवा म्हणजे पत्नीच्या मृत्यूचं दुःख. मला हसू आवरेना. म्हटलं, "अरे, निळं आहे ते. मी स्वतः लावलाय निळा."

बाई माझ्याकडे बघत राहिल्या. दादा म्हणाला, "त्यांना हिरवं दिसतंय तर दिसू दे, चिमे. तुझं काय जातं?"

चादरी पुन्हा पिवळट धुऊन आल्या. धोब्याला उद्या सुनावणार आहे.

९ नोव्हेंबर, सोमवार

बाईंचा फोन. आज खरं काय ते बोलल्या.

"ताई, सोळा तारखेला सर दवाखान्यात असतील. त्या दिवशी मी गाडी पाठवते. अकराही चित्रं आमच्याकडे सुरक्षित राहतील."

"दादाला न विचारता?"

"त्यांना विचारलं तर ते आधी बघतो म्हणतील. नव्या डोळ्याने बघतील. तुम्हाला माहितीये ना ते काय करतात."

माहिती नसायला काय झालं. चाळिसाव्या वर्षी, ऐन नावारूपाला आलेला असताना, दादाने एका सकाळी स्वतःची एकोणीस चित्रं कटरने फाडली होती. खोटी आहेत म्हणाला, बस. वहिनी आणि मी पट्ट्या गोळा करत बसलो होतो. आवडलं नाही तर मागेपुढे न बघणारा माणूस आहे तो.

उद्या सांगते म्हणून फोन ठेवला.

१० नोव्हेंबर, मंगळवार

गाडी पाठवू नका असं कळवून टाकलं. डोळ्याला पट्टी बांधलेल्या माणसाच्या घरातून त्याची चित्रं पळवायची, हे माझ्याच्याने होणार नाही. आणि भ्यायचं कशाला? रंग माझ्या हातचे आहेत. त्यात खोट निघायची नाही.

बाई म्हणाल्या, "काही झालं तर जबाबदारी तुमची, ताई." म्हटलं, घेतली.

१३ नोव्हेंबर, शुक्रवार

इथे खोटं लिहून काय करू. मला हे ऑपरेशन नको आहे.

दादाला दिसू लागलं की तो स्वतःचं पॅलेट स्वतः लावेल. मग मी या घरात कोण? स्वयंपाक करणारी म्हातारी बहीण. माझ्या निवृत्तीनंतर वहिनीने मला इथे आणलं तेव्हा वरची खोली दिली आणि म्हणाली, पाहुण्यासारखी राहू नकोस. पण ती गेल्यावर पहिले दोन महिने मी पाहुणीच होते. पॅलेट हातात आलं त्या दिवशी या घरातली झाले. दादा सकाळी हाक मारतो, "चिमे, रंग." त्या दोन शब्दांवर माझा दिवस उभा असतो. सख्ख्या भावाला दिसू नये असं वाटणारी बाई मी. लाज वाटते, पण वाटतं ते वाटतंच.

१६ नोव्हेंबर, सोमवार

ऑपरेशन नीट झालं. वीस मिनिटं. दादा बाहेर आला तो भुकेला. डोळ्यावर प्लास्टिकची वाटी चिकटवली आहे. उद्या काढतील.

१७ नोव्हेंबर, मंगळवार

वाटी काढली. दादा आधी भिंतीकडे बघत राहिला. मग खिडकीकडे. एकदा डावा डोळा झाकायचा, एकदा उजवा. "याच्यातून चहा, याच्यातून दूध," म्हणाला. मग माझ्याकडे वळला.

"चिमे, तू किती म्हातारी झालीस गं."

डॉक्टरीणबाई हसल्या. मीही हसले. घरी येईपर्यंत मात्र त्याने माझा हात सोडला नाही. रस्ता ओलांडताना कोण कोणाला धरत होतं, कोण जाणे.

आठ दिवस धूळ नको, वाकायचं नाही, रंगांचा वास नको. स्टुडिओला कुलूप लावून किल्ली मी माझ्याकडे घेतली.

२० नोव्हेंबर, शुक्रवार

दिवसातून चार वेळा थेंब आणि आठ वेळा किल्लीची मागणी. मी दाद देत नाही. दादा घरभर फिरून वस्तू बघतो. आज वाळत घातलेल्या चादरीपाशी उभा होता. म्हणाला, "केवढी पांढरी आहे."

म्हटलं, "पांढरी? पिवळी पडलीये. मी धोब्याला चांगली झापली."

त्याने चादरीकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. नंतर जेवतानाही तेच. मला वाटतं, त्याला चित्रांची धास्ती पडली आहे आणि ती माझ्यावर काढतोय.

२४ नोव्हेंबर, मंगळवार

झालं तसं लिहिते.

आज आठ दिवस भरले. मी सकाळी लवकर स्टुडिओ उघडला, झाडून घेतला आणि नवं पॅलेट लावून ठेवलं. चौदाच्या चौदा, ताजे. अकराही चित्रं भिंतीकडे तोंड करून होती, ती तशीच ठेवली. मग दादाला हाक मारली.

तो आत आला आणि चित्रांकडे गेलाच नाही. पॅलेटपाशी थांबला. खूप वेळ. मग अकराव्या गोळ्यावर बोट ठेवलं.

"हा कोणता?"

"निळा. तुझं आकाश."

"हा नववा?"

"तपकिरी."

त्याने दोन चिंध्या घेतल्या. एक अकराव्या गोळ्यात बुडवली, दुसरीवर खणातली एक ट्यूब पिळली. दोन्ही माझ्यापुढे धरल्या. "यातली निळी कोणती?"

दोन्ही मला एकच दिसत होत्या. मी म्हटलं, "ही काय लहान मुलांची शाळा आहे?" तो म्हणाला, "सांग ना." मी उजवीकडची म्हटलं. त्याने हात मागे नेले, पुन्हा पुढे आणले, पुन्हा विचारलं. असं पाच वेळा. पाचव्यांदा मी त्याचे हात बाजूला सारले.

मग त्याने तळचा खण ओढला. गडद निळ्याच्या सहा ट्यूबा, मी दुसऱ्याच रंगाच्या समजून ठेवलेल्या, एकीचंही झाकण उघडलेलं नाही. चार वर्षांपूर्वी कंपनीने ट्यूबांचं रूप बदललं तेव्हा मी दुकानातल्या खोक्यातून एक निवडून आणली होती. नंतर रिकामी झाली की तीच दाखवून सांगायचं, असलीच द्या. दुकानदार द्यायचा. लेबल मी कशाला वाचू? आणि एवढं बारीक लेबल वाचतं कोण?

"चिमे, ही हिरवी आहे," दादा म्हणाला. "आणि तपकिरीच्या जागी जांभळा आहे. तुझे डोळे माझ्यापेक्षा गेलेत."

आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं. मला बाहेर जायला सांगितलं आणि दार आतून लावून घेतलं. जाताना मला एवढं दिसलं, की त्याने पहिलं चित्र वळवायला हात घातला होता.

मासिकवाल्याचं खरं होतं. चार वर्षं मी त्याच्या हातात हिरवं आकाश देत आले आणि वर हसत होते.

२५ नोव्हेंबर, बुधवार

दार उघडत नाही. ताट दाराशी ठेवते, रिकामं परत मिळतं. थेंब घातलेस का म्हणून विचारलं तर "घातले" एवढंच.

चादरींच्या गाठी कापायला कटर शोधत होते. स्वयंपाकघरातल्या खणात नाही.

बाईंचा दोनदा फोन आला. पहिल्यांदा उचलला नाही. दुसऱ्यांदा म्हटलं, सर आराम करतायत.

दुपारी तो आवाज ऐकू आला. कॅनव्हास फाटल्याचा. वर्षानुवर्षं तो आवाज विसरता येत नाही. मी जिन्यावरच बसले. एकदा फाटल्याचा आवाज आला, मग शांत, मग काही खरवडल्यासारखं. मी दार वाजवलं नाही. कुठल्या तोंडाने वाजवणार होते? गाडी नको मी म्हटलं, रंग मी चुकवले. त्याने बोलून दाखवलं असतं तर ऐकून घेतलं असतं.

२६ नोव्हेंबर, गुरुवार

दादाची तपासणी होती म्हणून तो बाहेर आला. रिक्षात तो रस्त्याकडे तोंड करून बसला. त्याच्या बाहीला निळा रंग होता, म्हणजे डॉक्टरीणबाई निळा म्हणाल्या म्हणून निळा.

त्याचा डोळा उत्तम. मग त्याने डॉक्टरीणबाईंना सांगितलं, "आता हिचे बघा." मी नको नको म्हणत खुर्चीत बसले. त्यांनी बघितलं आणि त्यांचा चेहरा बदलला, तेवढं मला दिसलं.

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. डावा अति पिकलेला. त्या म्हणाल्या, "ताई, हा डावा थांबणारा नाही. आत फुटला तर डोळ्याचा दाब वाढेल, लाल होईल, ठणकेल, आणि गेलेली नजर परत येणार नाही. पुढच्या पंधरवड्यात करून टाकू." आठ डिसेंबर, मंगळवार, लिहून दिलं.

म्हणजे धोबी चांगला होता. पायऱ्या सारख्याच होत्या. छपाईही बरी असेल. एवढ्या सगळ्यांना मी नावं ठेवत फिरले.

२७ नोव्हेंबर, शुक्रवार

सकाळी हाक आली. "चिमे, वर ये."

जिना चढताना मनाची तयारी केली होती. अकरा फाटलेली चित्रं बघायची, पट्ट्या गोळा करायच्या. या वेळी वहिनी नाही, एकटीनेच.

अकराही भिंतीला लावलेली होती, समोर तोंड करून. एकालाही ओरखडा नव्हता. मी हात लावून लावून बघितलं. जमिनीवर एक बारावा कॅनव्हास होता, मधोमध फाडलेला.

"तो परवा केला," दादा म्हणाला. "दोन दिवस खपलो. तीच दोरी, त्याच चादरी, आणि खरं निळं आकाश. सगळे रंग बरोबर. औषधाच्या दुकानातल्या कॅलेंडरवर शोभेल असं चित्र झालं."

"आणि ही?"

"ही मी काढली यावर माझा विश्वास बसत नाही. इतकं चांगलं मी आयुष्यात काही केलेलं नाही." तो खुर्चीत बसला. चौऱ्याहत्तर वर्षांचा माणूस, डोळ्यांत पाणी. "मी हे मनात आणून करू शकत नाही, चिमे. मुद्दाम हिरवा घेतला की हात मुद्दामपणा करतो. मला माहीतच असता कामा नये. मी अकरावी जागा मोजायची आणि तिथे तू काय ठेवलंयस ते चित्रावर गेल्यावर कळायचं. तसंच व्हायला हवं."

मी म्हटलं, "आता तुला दिसतं."

"गोळे नको दिसायला. त्यावर काहीतरी झाकण करू. तू मात्र नेहमीसारखं लावत जा."

मला रडू आलं. चार दिवस आवरलेलं सगळं बाहेर पडलं. तो मला घालवून देणार नव्हता. त्याला मी हवी होते.

३० नोव्हेंबर, सोमवार

दादाने पुठ्ठ्याची लांब छपरी केली आहे. तिच्याखाली पॅलेट ठेवायचं, तो वरून न बघता ब्रश आत घालतो. सकाळी "चिमे, रंग" अशी हाक आली. मी ट्यूबांचा खण उघडला तेव्हा तो मुद्दाम खिडकीपाशी गेला. नव्या चित्राला सुरुवात झाली. काय रंग उतरलेत ते मला नीट कळत नाही, पण त्याचा चेहरा कळतो. पंचवीस वर्षांपूर्वी असायचा तसा आहे.

संग्रहालयाच्या बाई येऊन बघून गेल्या. तिसऱ्या दालनाला आणखी चार हवीत म्हणाल्या. दादा म्हणाला, मार्चपर्यंत होतील.

४ डिसेंबर, शुक्रवार

डॉक्टरीणबाईंचा फोन आला, मंगळवारची आठवण द्यायला. दादाने उचलला. मी त्याच्या शेजारीच भांडी पुसत उभी होते.

"मंगळवारचं रद्द करा," तो म्हणाला. "मार्चनंतर बघू." पलीकडून बराच वेळ बोलणं झालं. त्या मला बोलवा म्हणत असाव्यात, कारण दादा म्हणाला, "ती बाहेर गेलीये. मी सांगतो तिला. हो, तिला कल्पना आहे. तिचीच इच्छा आहे."

फोन ठेवल्यावर तो माझ्याकडे वळला. "तीन महिने, चिमे. फक्त चार चित्रं. मग मी स्वतः तुला घेऊन जाईन. डॉक्टर लोक घाबरवतातच."

मी म्हटलं, "मला विचारायचं तरी होतंस."

"विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस?"

नाही म्हणाले नसते, हे त्याला ठाऊक आहे. म्हणूनच विचारलं नाही. राग यायला हवा होता. थोडा आला, भांडी लावता लावता गेला. तीन महिने काही फार नाहीत.

८ डिसेंबर, मंगळवार

पहिलं नवं चित्र पूर्ण झालं. दादा म्हणाला, अकरांपेक्षा सरस. मला चादरींच्या कडा तेवढ्या दिसल्या. आज दवाखान्यात असायला हवी होते.

१४ डिसेंबर, सोमवार

अक्षर मोठं काढतेय, ओळी एकमेकींवर चढतायत असं वाटतं.

काल दुपारपासून डावा डोळा ठणकतोय. कपाळाची ती बाजूसुद्धा. आज उठल्यावर आरशापाशी गेले, उजव्याने बघितलं तर डावा लाल. डाव्याने बघितलं तर आरसाच नाही. खिडकीच्या बाजूला थोडा उजेड, बाकी काही नाही. डॉक्टरीणबाईंनी सांगितलेलं सगळं शब्दाशब्दाने आठवलं. भीती वाटते, दुसरा शब्द नाही.

खाली गेले आणि दादाला म्हटलं, "डोळा फार दुखतोय. आत्ता दवाखान्यात जाऊ."

त्याने माझी हनुवटी धरून चेहरा उजेडाकडे वळवला. त्याचा डोळा आता चांगला आहे, त्याला सगळं दिसलं असणार. बराच वेळ धरून ठेवली. मग हात खाली घेतला आणि म्हणाला, "जाऊ. दुपारी जाऊ. तेवढं पॅलेट लाव, म्हणजे माझी सकाळ फुकट जायची नाही."

मी जिना चढले. तो माझा दंड धरून मागे होता. त्याने खण उघडून दिला, ट्यूबा मात्र एकेक करून हातात दिल्या नाहीत, त्या मीच निवडल्या. दहा गोळ्यांपर्यंत अंदाजाने गेले. अकरावी जागा काही केल्या सापडेना. तेव्हा त्याने माझं बोट धरून नेमकं तिथे टेकवलं, आणि मान फिरवून खिडकीबाहेर बघत उभा राहिला. मी ट्यूब पिळली.